आकडा चुकला, तर रिव्ह्यू कशाला?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आमच्या वाटपाच्या दाव्याचा निकाल लागला आणि आत्याला तिचा हिस्सा मिळाला, तेव्हा घरात पेढे वाटले. हुकूमनाम्याची, म्हणजे निकालपत्रावरून कोर्ट काढतं त्या डिक्रीची, नक्कल हाती आल्यावर पाहतो तर निकालपत्रात गट नंबर १७१ आणि हुकूमनाम्यात ११७! ११७ ही गावातल्या भलत्याच माणसाची जमीन. प्रत्यक्ष वाटपासाठी महसूल खात्याकडे गेलेले कागद 'नंबर जुळत नाही' असा शेरा घेऊन परत आले.

वकील म्हणाले, रिव्ह्यू, म्हणजे त्याच कोर्टाकडे निकालाच्या फेरविचाराचा अर्ज, टाकावा लागेल. त्याची मुदत ३० दिवस, ती केव्हाच उलटलेली. म्हणून आधी विलंबमाफीचा अर्ज, त्यावर समोरच्यांचं म्हणणं, मग तारखांवर तारखा. ७६ वर्षांची आत्या दर तारखेला सातबाऱ्याची पिशवी मांडीवर घेऊन कोर्टाच्या बाकावर बसून राहायची. असे चौदा महिने गेले. शेवटी दुसऱ्या वकिलांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली साधा अर्ज दिला आणि दोन तारखांत आकडा दुरुस्त झाला.

हे कलम प्रत्येक पक्षकाराला ठाऊक असायला हवं. लिहिण्यातली किंवा आकडेमोडीतली चूक, नजरचुकीने राहून गेलेली गोष्ट कोर्ट केव्हाही दुरुस्त करू शकतं, अर्जावरून किंवा स्वतःहून. याच संहितेच्या आदेश ४७ खालचं पुनर्विलोकन, म्हणजे रिव्ह्यू, वेगळं. आधी प्रयत्न करूनही न मिळालेला पुरावा हाती लागला, निकालातच उघड दिसणारी चूक असली, अशा कारणांसाठी तो रस्ता आहे. गट नंबरातले दोन आकडे उलटसुलट झाले म्हणून पक्षकाराला त्या रस्त्याला लावणं हा निव्वळ अन्याय आहे.

मुंबई उच्च न्यायालयात अशा किरकोळ दुरुस्त्यांसाठी 'स्पीकिंग टू द मिनिट्स'ची प्रथा आहे. तिच्या आडून मूळ आदेशच बदलून घेता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने बजावलं आहे आणि ते योग्यच आहे. नाहीतर हरलेला माणूस हस्तदोषाच्या नावाखाली निकालच फिरवायला बघेल. पण आमचा निकाल कुणाला फिरवायचा नव्हता. निकालपत्रातला नंबर हुकूमनाम्यात जसाच्या तसा उतरायला हवा होता, एवढंच. चूक कोर्टाच्या टेबलावर झाली आणि तिचा भुर्दंड आत्याने भरला.

माझी कळकळीची विनंती आहे की, हुकूमनाम्यावर सही होण्याआधी दोन्ही बाजूंच्या वकिलांनी सातबारा समोर ठेवून मसुद्यातला प्रत्येक गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमा ताडून पाहाव्यात. आणि नकलेच्या शेवटच्या पानावर मराठीत एक ओळ छापावी: 'यात लेखनाची चूक आढळल्यास कलम १५२ खाली याच न्यायालयात अर्ज करावा, त्याला मुदतीचं बंधन नाही.'

आपला,
एक वाचक