बिबट्या जंगलात सोडायचा म्हणजे कुठे?

ओतूर, ता. जुन्नर
12 जानेवारी

प्रिय मध्या,

बातमी बघून तू विचारलंस, "अरे, हे सगळे बिबटे धरून एकदाचे जंगलात का सोडत नाहीत?" फोनवर बोललो असतो तर भांडण झालं असतं, म्हणून लिहायला बसलो.

तू गाव सोडलंस तेव्हा तुमच्या मळ्यात बाजरी असायची. पुढे येडगाव, माणिकडोह, पिंपळगाव जोगे या धरणांचं पाणी फिरलं आणि ऊस आला. आडसाली ऊस सोळा-अठरा महिने रानात उभा असतो. आत दिवसाउजेडीसुद्धा अंधार, कडेला चारीचं पाणी, आणि वस्तीवर कुत्री-शेरडं. बिबट्याला आणखी काय पाहिजे? गंमत बघ, बछडी आईजवळ साधारण दीड वर्ष राहतात. म्हणजे त्यांचं बालपण आणि आडसालीचं आयुष्य जवळपास सारखंच. आज आपल्याकडे फिरणाऱ्या कितीतरी बिबट्यांनी तुझं ते जंगल पाहिलेलंच नाही. ते उसात जन्मले, त्यांच्या आयाही उसातच जन्मल्या.

शेजारच्या अकोले तालुक्यात वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कॅमेरे लावून अभ्यास केला होता. राखीव जंगल नाही, सगळी शेती आणि वस्ती. तरी 100 चौरस किलोमीटरला सुमारे 5 मोठे बिबटे निघाले आणि जवळपास तेवढीच तरसं. विष्ठा तपासली तर खाण्यात वजनाच्या हिशोबानं 87 टक्के पाळीव जनावरं, त्यातही सगळ्यात जास्त कुत्री, 39 टक्के. शेळ्या त्या मानानं कमी, पण बोंब होते ती शेळीची. कुत्रं गेलं तर कोण पंचनामा करायला जातंय!

आता तुझा मुद्दा. बिबट्याचा टापू ठरलेला असतो. झाडाला मुतून, मातीत नखं ओढून तो आपली हद्द सांगत फिरतो, आणि रात्री करवतीनं ओंडका कापावा तसा खरखरत ओरडतो. कुठल्या वस्तीवर कुत्रं मोकळं असतं, कुठला रस्ता कधी सामसूम होतो, हे त्याला पाठ असतं. असा प्राणी उचलून लांब नेऊन टाकला की तिथे आधीच दुसऱ्याचं राज्य. हा बिथरतो, परतीची वाट धरतो. इकडे त्याची जागा रिकामी राहत नाही, एखादा हिंडता तरणा नर येऊन बसतो. 2001 ते 2003 मध्ये आपल्या जुन्नर वनविभागात हेच केलं होतं: पिंजरे लावले, धरले, लांब सोडले. आधी माणसांवर वर्षाला सरासरी 4 हल्ले व्हायचे, ते 17 वर गेले. मरणाऱ्यांचं प्रमाणही दुप्पट झालं.

आणि तुझ्या बोरिवलीचंच उदाहरण देतो. 2009 मध्ये पारनेर तालुक्यात टाकळी ढोकेश्वरला एक नर विहिरीत पडला. कुठे जातो ते कळावं म्हणून त्याच्या गळ्यात जीपीएस कॉलर घालून माळशेज घाटात सोडला. अभ्यासकांनी नाव ठेवलं आजोबा. हा बाबा घाटात थांबलाच नाही. कसाऱ्याकडे रेल्वेचे रूळ ओलांडले, वसईची खाडी पोहला आणि सुमारे 120 किलोमीटर तोडून तुमच्या नॅशनल पार्कात पोचला. वाटेत एका माणसाला इजा नाही. 2011 च्या डिसेंबरात अहमदाबाद हायवेवर गाडीखाली गेला. शेपटीतल्या चिपवरून ओळख पटली. मला तर तो आपल्यातलाच कुणी पोटापाण्यासाठी मुंबईला गेल्यासारखा वाटतो.

सध्या ऊसतोड चालू आहे, म्हणून रोज बछडी सापडल्याचं कानावर येतं. कोयत्यासमोर पाचटात दोन-तीन गोळे दिसले की टोळी काम थांबवते. माणसाचा हात लागला की आई पिल्लं टाकते असं अजून पुष्कळजण म्हणतात. ते खरं नाही. वनखात्याची माणसं आणि माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्रातले डॉक्टर पिल्लं तपासतात आणि संध्याकाळी सापडली त्याच जागी क्रेटमध्ये ठेवून कॅमेरा लावतात. आई येते, आजूबाजूला घुटमळते, पंजानं क्रेट कलंडवते आणि एकेकाला मानेला धरून घेऊन जाते. कधी त्याच रात्री, कधी दुसऱ्या. पिल्लं नाहीच सापडली, तर ती मादी त्यांच्या मागावर तिथेच हिंडत राहते, ते धोक्याचं. पिल्लं उचलून नेणाऱ्या हौशी लोकांना हे कोण सांगणार?

तू म्हणशील, हा बिबट्याचा वकील झाला. तसं नाही रे. लेकरं गेलेली घरं या तालुक्यात आहेत, त्यांच्यासमोर मी यातलं एक वाक्य बोलणार नाही. माणसावर वारंवार जाणारं जनावर धरलंच पाहिजे, आणि धरलं की पुन्हा कुठेही सोडू नये. पण सरसकट पिंजरे लावायचे आणि शेतकऱ्याला मात्र रात्रीच्या थ्री फेज विजेवर दारं धरायला, म्हणजे वाकून पिकाला पाणी द्यायला धाडायचं, याला माझ्या लेखी अर्थ नाही. वाकलेला किंवा बसलेला माणूस त्याला लहान जनावरासारखा दिसतो. दिवसा वीज द्या, वस्तीला बंदिस्त गोठा आणि घरात संडास द्या, निम्मी भीती तिथेच जाईल.

मे महिन्यात पोरांना घेऊन येतोयस ना? दिवस मावळल्यावर त्यांना एकटं अंगणात सोडायचं नाही, परसात जाताना हातात बॅटरी आणि मोबाइलवर गाणी मोठ्यानं. वहिनींना आधीच सांगून ठेव, नाहीतर इथे येऊन घाबरतील. काकूंच्या डोळ्याचं ऑपरेशन कधी ठरलंय तेही कळव, मी दोन दिवस येऊन जाईन.

तुझा,
बबन