डनेडिनच्या मावशींना, त्या अर्ध्या कपाबद्दल

आदरणीय मावशी,

सा. न. वि. वि.

तुमचं नाव या पत्रात घालत नाही. तुम्हाला ते रुचणार नाही, एवढं त्या एका दुपारच्या ओळखीत कळलं. पत्र मात्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहितेय. आमच्याकडे घराघरात आबांसारखं कुणी ना कुणी असतं. त्यांना बाहेर घेऊन जाणाऱ्यांनी, सहली काढणाऱ्यांनी, हॉटेलात वाढणाऱ्यांनी तुम्ही काय केलंत ते वाचायलाच हवं. माझा धाकटा भाऊ तिथेच, न्यूझीलंडमध्ये डनेडिनला आहे, तो तुम्हाला हे वाचून सांगणार आहे.

आबांबद्दल, आमच्या वडिलांबद्दल, थोडं सांगते, म्हणजे तुम्ही आम्हाला काय दिलंत ते तुमच्या लक्षात येईल. आबा एसटीत ड्रायव्हर होते, सातारा डेपोला. मेढ्यावरून केळघर घाट चढून महाबळेश्वरला गाडी न्यायची, तीही भर पावसाळ्यात. समोरच्या वळणावर नुसतं धुकं, एका बाजूला दरी आणि गाडीत पन्नास माणसं. विनाअपघात सेवेचा बिल्ला त्यांनी कपाटात जपून ठेवलाय. या माणसाचा सगळा मान त्याच्या दोन हातांत होता. काही वर्षांपूर्वी उजवा हात थरथरायला लागला. डॉक्टरांनी कंपवात सांगितला, गोळ्या सुरू झाल्या. हात कधी शांत असतो, कधी नसतो. लोकांसमोर तर हमखास नसतो.

तुमच्याकडे येण्याआधी आम्ही इथून निघालेल्या एका ग्रुपबरोबर न्यूझीलंडचं उत्तरेकडचं बेट फिरलो. कंपनीचं नाव लिहीत नाही, पण झालं ते लिहिणार. टूर मॅनेजर आपल्याच भाषेत बोलणारा, आपल्याच भागातला. पहिल्याच ठिकाणी आबांना म्हणाला, "काका, तुम्ही बसमध्येच बसा, तुमच्यामुळे सगळ्यांचा वेळ जातो." आबा बसले. पुढे एकदा नाश्त्याच्या वेळी त्यांच्या हातातला चहा पांढऱ्या टेबलक्लॉथवर सांडला. त्या माणसाने वेटरला हाक मारली आणि अख्ख्या ग्रुपदेखत लहान मुलांचा प्लॅस्टिकचा कप मागवला, झाकणाचा, चोचीचा. "उद्यापासून काकांना हाच द्या." दोघं-तिघं हसले. बाकीच्यांनी ताटात बघितलं. आबांनी तो कप हळूच बाजूला सरकवला आणि म्हणाले, "मला नको चहा. ॲसिडिटी होते."

मावशी, आबांना कधीही ॲसिडिटी नव्हती. चहावर जगलेला माणूस तो. त्या दिवसापासून चारचौघांत चहा घेणं त्यांनी सोडलं.

डनेडिनला भावाकडे आलो तेव्हा ते बाहेर पडायलाच तयार नव्हते. "तुम्ही जाऊन या, मी घर राखतो." भावाने गळ घातली. अर्ध्याच दिवसाचा बेत होता. रेल्वे स्टेशनजवळ टोइटू म्युझियम आहे, त्याला लागूनच चिनी बाग आणि बागेत टी-हाऊस. फार चालणं नाही. शेवटी आले, उजवा हात स्वेटरच्या खिशात घालून.

म्युझियममध्ये तुम्ही आमच्याकडे आलात ती वेळ मला लख्ख आठवते. आबा जुन्या बसस्टँडच्या भागात उभे होते. १९३९ साली बांधलेला तिथला बसस्टँडच म्युझियमने आपल्यात सामावून घेतलाय, हे आम्हाला माहीत नव्हतं. गोलाई दिलेल्या भिंती, उंच छत, प्रवाशांसाठीची ऐसपैस जागा. आबा कितीतरी वेळ नुसते बघत होते. तुम्ही गळ्यात ओळखपत्र अडकवलेल्या, पांढऱ्या केसांच्या, त्यांच्याच वयाच्या. तुम्ही "मे आय हेल्प" वगैरे काही म्हणाला नाहीत. बाजूला उभ्या राहिलात आणि ते नुसते बघतायत हे पाहून तुम्हीही बघू लागलात. मग आबांनीच तोंड उघडलं, आपल्या मोडक्या इंग्रजीत. "आय बस ड्रायव्हर. गव्हर्मेंट बस."

त्यानंतर जे प्रश्न तुम्ही विचारलेत! घाट केवढा उंच, रस्ता केवढा रुंद, समोरून गाडी आली तर मागे कोण घेतो, रात्रीचा मुक्काम कुठे असायचा. एवढे प्रश्न आबांना त्या कामाबद्दल आम्ही पोरांनीही विचारले नसतील. चढणाऱ्या गाडीला आधी वाट द्यायची, हे त्यांनी तुम्हाला दोन्ही हातांनी करून दाखवलं. त्या नादात उजवा हात खिशातून बाहेर आला होता आणि थरथरतही होता. तो तुम्ही पाहिलात. पाहिलंत हे तेव्हा आमच्या लक्षात आलं नाही, तासाभराने आलं.

म्युझियमचं बाकीचं मी भराभर सांगते. ते १८९८ सालचं, गोऱ्या वसाहतीला पन्नास वर्षं झाली तेव्हा सुरू केलेलं. काचेच्या दालनात जोसेफिन नावाचं १८७२ चं इंजिन. एक दालन सगळंच्या सगळं पहिल्या वसाहतकऱ्यांच्या चेहऱ्यांचं, चारी भिंतींवर. जहाजातली फळ्यांची अरुंद बिछानी, ज्यावर महिनोन् महिने काढून ही माणसं आली. आबा तिथे म्हणाले, "यांच्यापेक्षा आमची मुक्कामी गाडी बरी." भावाने ते तुम्हाला सांगितल्यावर तुम्ही मनापासून हसलात.

मग तुमची वेळ संपली आणि तुम्ही घरी जायचं सोडून आमच्याबरोबर बागेत आलात.

ही बाग २००८ मध्ये उघडली. शांघायच्या कारागिरांनी ती तिकडे आधी जोडून बघितली, सुटी केली, जहाजाने आणली आणि इथे पुन्हा उभी केली, हे तुम्ही सांगितलंत. वाकडातिकडा पूल आबांचा हात धरून पार करावा लागेल म्हणून मी पुढे झाले, तर तुम्ही मला मागूनच चालू दिलंत आणि स्वतः त्यांच्या बाजूने, त्यांच्याच चालीने चालत राहिलात. हात धरला नाहीत. धरावा लागलाच असता तर धरता येईल इतक्या जवळ होतात.

आणि मग टी-हाऊस. आत शिरताना आबांनी मला दबक्या आवाजात सांगितलं, "मला मागवू नको." चिनी पद्धतीचे ते छोटे, बिनकानाचे कप समोर आले, तेव्हा माझ्या पोटात गोळा आला. कान असलेला कप धरवत नाही तिथे हा कसा धरणार? तुम्ही किटली उचललीत. पहिला कप स्वतःला ओतलात, अर्धा. मग भावाला, अर्धा. मला, अर्धा. शेवटी आबांना, अर्धा. चारही कप सारखे. कुणाकडे बघितलं नाहीत, काही बोलला नाहीत, ओतता ओतता तुमच्या पणजोबांच्या भाजीच्या मळ्याबद्दल सांगत राहिलात. किटली खाली ठेवलीत आणि आपला कप दोन्ही हातांच्या तळव्यांत धरून प्यायलात, हात शेकावेत तसा.

आबांनी तुमच्याकडे बघितलं. मग त्यांनीही दोन्ही तळव्यांत कप धरला आणि प्यायले. एक थेंब सांडला नाही. अर्धा कप सांडणार तरी कसा?

मी बाहेरच्या तळ्याकडे तोंड फिरवलं, कारण मला रडू आवरत नव्हतं. प्लॅस्टिकचा चोचीचा कप आणि हा कप, दोन्हीकडे प्रश्न एकच होता, चहा सांडू नये. तिकडे त्यासाठी एका म्हाताऱ्याला सगळ्यांपासून वेगळा काढला. तुम्ही टेबलावरच्या सगळ्यांनाच त्याच्याबरोबर बसवलंत. आम्हा घरच्यांनाही हे कधी सुचलं नव्हतं, डॉक्टरांनी सांगितलं नव्हतं. पैसे लागले नाहीत. वेगळी भांडी लागली नाहीत. समोरच्या माणसाकडे नीट बघावं लागलं, तेवढं तुम्ही म्युझियममध्येच करून ठेवलं होतं.

दुसऱ्यांदा चहा ओतायचा हट्ट आबांनी धरला. त्यांनी ओतलं, थोडं ताटलीत सांडलं. तुम्ही दोन बोटं टेबलावर हलकेच टकटक केलीत. ही आमची चहा ओतणाऱ्याचे आभार मानायची, दक्षिण चीनमधल्या कँटनकडची रीत, असं मग सांगितलंत. त्यानंतर आबा प्रत्येक कपाला टकटक करत होते!

तुम्ही तिथे जे बोललात ते आबा अजून इथे येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगतात. १८६५ च्या सुमारास सोन्याच्या खाणी ओस पडायला लागल्या, तेव्हा डनेडिनच्या व्यापाऱ्यांनीच ऑस्ट्रेलियातून चिनी खाणकामगारांना बोलावून घेतलं. पुढे त्यांच्यावरच डोईपट्टी बसवली, १८८१ मध्ये माणशी दहा पौंड, १८९६ मध्ये शंभर. ती १९४४ मध्ये रद्द झाली आणि सरकारने माफी मागितली २००२ साली. तुमच्या पणजोबांनी ती भरली होती. हे सांगताना तुमच्या आवाजात कडवटपणा नव्हता, पण आकडे मात्र तुम्हाला तोंडपाठ होते.

आम्ही साताऱ्याचे म्हटल्यावर तुम्ही ते नाव दोनदा म्हणून बघितलंत आणि एडवर्ड पीटर्सची गोष्ट काढलीत. मुंबई इलाख्यातला, साताऱ्याकडचा म्हणून सांगितला जाणारा हा माणूस, ज्याला तिकडे 'ब्लॅक पीटर' म्हणत. ओटागोत, म्हणजे डनेडिनच्याच प्रांतात, त्याने गेब्रियल रीडच्या काही वर्षं आधी सोनं शोधलं होतं. १८६१ च्या शोधाचं नाव झालं ते रीडचं, बक्षीसही त्यालाच. पीटर्ससाठी १८८५ मध्ये पन्नास पौंड मंजूर झाले, तेही तेवढीच रक्कम लोकवर्गणीतून उभी राहिली तर, या अटीवर. आबा ऐकून बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "साताऱ्यात हे कुणाला माहीत नाही. मी सांगेन." आणि ते सांगतायत, मावशी. पेपर वाचायला जमणाऱ्या त्यांच्या मित्रमंडळींना आता पीटर्स पाठ झालाय.

पण माझ्या मनात घर करून बसली ती व्हेंटनॉर जहाजाची गोष्ट. परदेशात मेलेल्यांच्या अस्थी मायदेशी पोचवायच्या म्हणून डनेडिनच्या चिनी मंडळींनी पुढाकार घेऊन ४९९ जणांचे अवशेष जहाजावर चढवले आणि १९०२ च्या ऑक्टोबरमध्ये ते जहाज उत्तरेला होकियांगाच्या समुद्रात बुडालं. काही अस्थी किनाऱ्याला लागल्या. तिथल्या माओरी लोकांनी, ते रोरोआ आणि ते रारावा या जमातींनी, त्या गोळा करून आपल्या जमिनीत पुरल्या. ही कुणाची हाडं, कुठल्या देशातली, त्यांचे देव कोणते, काही विचारलं नाही. पुढच्या पिढ्यांना जागा सांगून ठेवल्या. शंभराहून जास्त वर्षांनी वंशज तिथे गेले आणि त्यांनी आभार मानले. हे सांगताना पहिल्यांदा तुमचा आवाज जरा थांबला.

मला वाटतं, चांगुलपणा म्हणजे काय याबद्दल आपल्याकडे फार मोठमोठं बोललं जातं. दानधर्म, सत्कार, फलक, फोटो. आमच्या गावात पाण्याची टाकी बांधली तर टाकीपेक्षा नावाची पाटी मोठी असते. त्या किनाऱ्यावरच्या लोकांनी पाटी लावली नव्हती. तुम्हीही अर्धा कप का, हे सांगितलं नाहीत, आणि आबांनीही तुम्हाला विचारलं नाही. तुम्हा दोघांना ते न बोलता कळलं होतं. ज्याला मदत केली त्यालाच मदतीचं ओझं वाटू नये, इतकी काळजी घेणारी माणसं मी फार थोडी पाहिलीत. आमची आजी एक होती. दारात आलेल्या भुकेल्याला ती जेवायला वाढायची आणि "माझंही व्हायचंय" म्हणत स्वतः समोर बसून जेवायची, दुपारचे तीन वाजले असले तरी. तुम्हाला बघून मला तिचीच आठवण झाली.

त्या टूर मॅनेजरच्या हातात हे पत्र पडलं तर बरं होईल. तो वाईट माणूस होता असं मी म्हणणार नाही, त्याला वेळ गाठायची होती, माणसं मोजायची होती. पण मोजताना त्याने एका माणसाला वजा केलं आणि त्याला ते कळलंही नाही. अशा सहलींना आमच्याकडची निवृत्त माणसं आयुष्यभराची पुंजी घालून येतात. त्यांचे हात थरथरतात, गुडघे दुखतात, ऐकू कमी येतं. त्यांच्यासाठी वेळापत्रकात दहा मिनिटं ठेवा. आणि चहा देताना सगळ्यांचेच कप थोडे कमी भरा.

आबांची तब्येत आता आहे तशीच आहे. हा आजार बरा होणारा नाही, हे आम्हाला ठाऊक आहे. पण स्टँडसमोरच्या टपरीवर जुने ड्रायव्हर-कंडक्टर संध्याकाळी जमतात, तिथे ते पुन्हा जायला लागलेत. कटिंग मागवतात, सगळ्यांसाठी कटिंगच. पैसे स्वतः देतात. काच दोन्ही तळव्यांत धरतात. मागच्या आठवड्यात त्यांच्याच वयाच्या एका कंडक्टरकाकांना टेबलावर दोन बोटांनी टकटक करताना मी पाहिलं.

तुम्ही भारतात कधीच आला नाहीत म्हणालात. सप्टेंबरात या, कासच्या पठारावर फुलं असतात. आमच्याही स्टँडजवळ म्युझियम आहे, छत्रपती शिवाजी महाराजांच्या नावाचं. आबांनी सगळं ठरवून टाकलंय. सकाळी म्युझियम, मग टपरी, आणि जेवायला घरी. केळघर घाटही दाखवायचाय म्हणतात. गाडी मी चालवेन, ते शेजारी बसून वळणं सांगतील आणि तुम्ही मागे खिडकीशी बसायचं. व्हिसाचे कागद काय लागतात ते भावाने विचारून ठेवलंय, तो तुम्हाला फोन करेल.

तब्येतीला जपा.

तुमची,
साताऱ्याची भाची