तुझे तीन सीन आणि कॉलिन वेलंड

अमू,

काल फोनवर म्हणालीस की बाबा अख्ख्या नाटकात माझे तीनच सीन, त्यातही दोनांत मी नुसती ऐकत उभी, तेव्हापासून हा माणूस डोक्यात घोळतोय आणि फोनवर तू मला बोलू देत नाहीस, म्हणून लिहितोय.

कॉलिन वेलंड. नाव ऐकलं नसशील. इंग्लंडातल्या लँकाशायरचा, १९३४ चा जन्म, आधी माझ्यासारखाच ड्रॉइंग मास्तर! मग टीव्हीवर 'झेड कार्स'मधे पोलीस झाला आणि १९६९ च्या 'केस' सिनेमात परत मास्तर. खाणवाल्यांच्या गावातलं एक गरीब पोरगं ससाणा पाळतं, त्याला कुणी हिंग लावून विचारत नाही, हा मास्तर वर्गात उभं करतो आणि म्हणतो सांग तुझ्या पक्ष्याबद्दल. पोरगं आधी चाचरतं, मग सुटतंच. आणि वेलंड काय करतो, तर ऐकतो, मधे एखादा प्रश्न, बास. या कामाला बाफ्टाचं, म्हणजे ब्रिटनच्या मोठ्या सिनेपुरस्कारांतलं, बेस्ट सपोर्टिंग ॲक्टर मिळालं! मी तो सीन चारदा पाहिलाय. तीस वर्षं वर्गात उभा राहून मला कधी इतकं नीट ऐकता आलं नाही गं, खोटं कशाला बोलू.

'चॅरियट्स ऑफ फायर' सिनेमा पण त्यानेच लिहिलाय, १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमधल्या दोन धावपटूंवर. लिहायच्या आधी लंडनच्या पेपरांत जाहिरात दिली, कुणाला त्या ऑलिम्पिकच्या आठवणी असतील तर सांगा, आणि जे हयात होते त्यांना जाऊन भेटला. फक्त त्या दोघांतला हॅरॉल्ड अब्राहम्स हुकला, तो जानेवारी १९७८ मधे गेला. मग हा त्याच्या स्मरणसभेला जाऊन बसला आणि सिनेमा सुरू होतो तोच स्मरणसभेपासून.

आजीकडून गिरणीच्या संपाचं सगळं लिहून घेणार होतीस ना? ती आता पंच्याऐंशीची आहे, आणि हल्ली दुपारीच काय ते नीट बोलते.

हां, १९८२ ला या सिनेमाच्या लेखनाचं ऑस्कर घेताना वेलंड स्टेजवरून ओरडला होता, ब्रिटिश येताहेत! त्यावरून पुढे त्याची बरीच टिंगल झाली म्हणे, पण पुढच्याच वर्षी 'गांधी'ने आठ ऑस्कर नेले, त्यातलं कॉस्च्युमचं आपल्या कोल्हापूरच्या भानू अथैयांना.

शनिवारच्या प्रयोगाला येतोय. तिकीट पुढच्या रांगेचं नको, मान अवघडते.

बाबा