मंगळवारी थंड भट्टी दाखवून शनिवारचे पैसे घेतल्याबद्दल तक्रार

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक तक्रार विभाग

विषय : सांता मारिया दे जेतिबा (ब्राझील) येथील कौटुंबिक फार्मची भेट व पारंपरिक जर्मन बेकिंगचं प्रात्यक्षिक. न झालेल्या प्रात्यक्षिकाचे पैसे परत मिळण्याबाबत.

महोदय,

तुमच्या ग्राहक सेवेचा फोन आत्ताच संपला. मी ठेवला नाही, तिकडूनच कापला गेला. फोनवर बोलून काही होत नाही हे पुरतं कळलं, म्हणून आता लेखी. सहल तुमचीच आहे, तिचं वर्णन तुमच्याच संकेतस्थळावर आहे, त्यामुळे ती काय होती ते सांगत बसत नाही. काय झालं नाही, तेवढंच सांगते.

बुकिंगची पहिली पावती शनिवारची होती. निघायच्या जरा आधी ‘वाहनाच्या उपलब्धतेनुसार’ असं एक वाक्य टाकून तुम्ही ती मंगळवारवर ढकललीत. विचारलं नाहीत, कळवलंत. माझा मुलगा तिकडेच, ब्राझीलमधल्या व्हितोरिया शहरात, पोलाद कारखान्यात नोकरीला आहे, त्याला मंगळवारची रजा टाकावी लागली. तेही चालवून घेतलं असतं. पण त्या घरी भट्टी पेटते ती शनिवारी! आठवड्याचा पाव एकदाच भाजतात, रविवारच्या जेवणाआधी. हे मला तिथल्या आजींनी सांगितलं. तुम्हाला हे आधीपासून माहीत असणार, कारण पहिली पावती उगाच शनिवारची नव्हती.

व्हितोरियाहून तास-दीड तास घाट चढून पोचलो तर अंगणात कोणी नाही. कुत्रा भुंकला तेव्हा आजींची सून शेतातून हात पुसत आली. आम्ही येणार हे त्यांना ठाऊकच नव्हतं. तुमचा ‘स्थानिक तज्ज्ञ मार्गदर्शक’ म्हणजे गाडीचा ड्रायव्हर. भला माणूस होता, त्याच्याबद्दल तक्रार नाही. त्याला वरून सांगितलं होतं की प्रात्यक्षिक नसेल तर व्हिडिओ दाखव. त्याने दाखवला, स्वतःच्या मोबाइलवर. कुठल्याशा स्टीलच्या चकचकीत स्वयंपाकघरात पांढरी टोपी घातलेला एक माणूस प्रेट्झेल वळत होता. आम्ही पाच जण डोक्याला डोकं लावून तो पाहत होतो, आणि ती सून बाजूला उभी राहून आमच्याकडे पाहत होती. माणशी 6,800 रुपये.

आता तुमच्या माहितीपत्रकाबद्दल. त्यावर ब्लॅक फॉरेस्ट केकचा फोटो आहे, वर चेरी वगैरे. मजकुरात हे लोक ‘ब्लॅक फॉरेस्टमधून आलेले’ आहेत. अहो, हे लोक पोमेरेनियाचे! बाल्टिक समुद्राच्या काठचे. आज त्या प्रदेशाचा बराचसा भाग पोलंडमध्ये आहे. ब्लॅक फॉरेस्ट जर्मनीच्या पार दुसऱ्या कोपऱ्यात, नैर्ऋत्येला. 1859 पासून पुढे, आणि मुख्यतः 1870च्या दशकात, ही कुटुंबं ब्राझीलच्या एस्पिरितो सांतो राज्यातल्या डोंगरात येऊन वसली. गाव विषुववृत्ताच्या साधारण वीस अंश दक्षिणेला, म्हणजे आपलं नाशिक जितकं उत्तरेला तितकंच ते खाली. तिथे कुठला गहू आणि कुठलं ते राय नावाचं थंड हवेतलं धान्य! मग त्यांनी मक्याचं पीठ घेतलं, त्यात रताळं आणि कोनफळाच्या जातीचा कंद किसून घातला आणि केळीच्या पानावर थापून भाजलं. तोच त्यांचा पाव, ब्रोट. आपल्याकडे कोकणात पानगी करतात ना, तिचीच जाडजूड, फुगलेली चुलत बहीण समजा. ते पाहायला आम्ही गेलो होतो. केक पाहायला नाही. आणि हे लोक घरात अजून पोमेरेनियन बोलतात. गावाने 2009 मध्ये तिला पोर्तुगीजच्या जोडीने अधिकृत भाषेचा दर्जा दिला. इतकं सगळं तुमच्या ‘अनुभव-सहलीं’चा विभाग सांभाळणाऱ्यांना माहीत नसेल, तर मग तुम्ही नेमकं कशाचे पैसे घेता, हा प्रश्न मी अगदी सभ्यपणे विचारते आहे.

आजींनी जे केलं ते तुमच्या कार्यक्रमात नव्हतं, म्हणूनच ते नीट झालं. त्यांनी आम्हाला शनिवारच्या ब्रोटचे काप काढून दिले, वर घरचं लोणी आणि साखरपाकातली केळी. पावाच्या तळाला पानाच्या शिरांचे ठसे जसेच्या तसे उमटलेले होते, नातू त्यावरून बोट फिरवत बसला. मग त्यांनी भट्टीशी नेऊन दाखवलं : लाकडं कुठपर्यंत रचायची, निखारे कशाने ओढून काढायचे, ओल्या डहाळ्यांच्या झाडूने तळ कसा झाडायचा, पान कसं टाकायचं. सगळं हातवाऱ्यांनी, थंड भट्टीसमोर, जाळ नाही, पीठ नाही. ज्या बाईला आमच्या येण्याची खबरही नव्हती, तिने हातातलं काम टाकून हे केलं. आमचे हे कोरेगावचे आल्याचे शेतकरी, आणि एस्पिरितो सांतोतही आलं भरपूर पिकतं. आजींचा मुलगा ह्यांना मळ्यात घेऊन गेला. एकाला मराठी, दुसऱ्याला पोर्तुगीज, आणि दोघे गड्डा मोडून, वास घेऊन, कंदकुजीबद्दल खाणाखुणांनी पाऊण तास बोलत होते. त्या लोकांबद्दल माझ्या मनात काडीइतकी तक्रार नाही. हे लक्षात ठेवा, कारण पुढे कामाला येणार आहे.

आता आजचा फोन. पत्र लिहायचं खरं कारण तोच आहे, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

मी म्हटलं, प्रात्यक्षिक झालं नाही. तुमच्या ग्राहक सेवेतला मुलगा म्हणाला, “मॅडम, सिस्टिमला ‘सेवा पूर्ण’ दाखवतंय.” मी म्हटलं, सिस्टिम तिथे नव्हती, मी होते. मग थोडा वेळ तुमची ती बासरी वाजली. परत आला.

“मॅडम, भट्टी दाखवली ना तुम्हाला?”

“दाखवली. थंड होती.”

“हो, पण दाखवली. आणि पाव खायला मिळाला?”

“मिळाला.”

“मग बेकिंग झालंच ना मॅडम. फक्त तुम्ही यायच्या आधी झालं.”

हे वाक्य मी कागदावर लिहून घेतलं, तारखेसकट. म्हणजे उद्या मी नाटकाचं तिकीट काढून गेले आणि रंगमंच रिकामा दिसला, तर नाटक झालंच आहे, फक्त गेल्या शनिवारी. मी त्याला म्हटलं, पैसे भाजताना पाहायचे दिले होते. तर तो अगदी समजावणीच्या सुरात, लहान मुलाला सांगावं तसं म्हणाला, “मॅडम, पाव भाजणं सगळीकडे सारखंच असतं. तुमच्या साताऱ्यात अय्यंगार बेकरी असेल ना? ते लोक मागच्या बाजूने बघू देतात.” एवढ्यावर थांबला नाही. “तसंही जर्मन बेकिंग बघायला ब्राझीलला कोण जातं?” म्हणाला. अहो, तुम्ही नेता! तुमच्याच पानावर लिहिलंय, ‘ब्राझीलच्या डोंगरातली जर्मन चव’! मी काय साताऱ्यात बसून स्वप्नात पाहिलं होतं?

मी वरिष्ठांना मागितलं. वरिष्ठ आल्या. त्यांनी अतिशय गोड आवाजात सांगितलं की, “फार्मवाल्यांनी ऐन वेळी प्रात्यक्षिकाला नकार दिला अशी आमच्याकडे नोंद आहे.”

महोदय, इथे मात्र मी शांत राहिले नाही. ज्यांना तुम्ही कळवलंच नाहीत, त्यांनी नकार कधी दिला? ज्या आजींनी स्वतःच्या आठवड्याच्या पावातले काप काढून आमच्या पाच जणांच्या ताटात घातले, त्यांच्या नावावर तुम्ही तुमची चूक खुशाल लिहून टाकलीत? ती नोंद कोणी केली, कधी केली, ते मला दाखवा, एवढंच मी विचारलं. “ती अंतर्गत बाब आहे,” म्हणाल्या, आणि फोन कापला गेला.

शनिवारचं मंगळवार तुम्ही केलंत. हे मी तिसऱ्यांदा लिहिते आहे असं वाटत असेल, तर तुमच्या प्रत्येक फोनवर ते पहिल्यापासून सांगावं लागतं, तीच सवय लागली आहे. शनिवारचं मंगळवार तुम्ही केलंत, आम्ही नाही, आणि त्या घरच्यांनी तर नाहीच.

माझ्या मागण्या सरळ आहेत. पाच जणांचे 34,000 रुपये परत हवेत, पूर्ण. ‘पुढच्या सहलीवर सवलतीचं कूपन’ नको. पुढची सहल तुमच्याबरोबर काढायची तर हे म्हणतात आधी मला डॉक्टरकडे नेतील. दुसरं, ‘फार्मवाल्यांनी नकार दिला’ ही नोंद काढून टाका आणि काढल्याचं मला लेखी कळवा. तिसरं, आमच्या भेटीपोटी त्या कुटुंबाला काही देणं होत असेल तर ते द्या. त्यांनी आमच्याकडून एक पैसा घेतला नाही. ह्यांनी देऊ केले तर आजींनी हात मागे घेतले. तुम्ही त्यांना काही दिलंत का, हे मी तुमच्या वरिष्ठ बाईंना विचारणारच होते, तेवढ्यात फोन गेला.

बुकिंग तुमच्या संकेतस्थळावरून झालं आहे, त्यामुळे 2020 चे ई-कॉमर्सचे नियम तुम्हाला लागू आहेत. त्यांनुसार तुमच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याने 48 तासांत पोच द्यायची आणि महिन्याभरात निकाल लावायचा. अधिकाऱ्याचं नाव तुमच्या पानावर शोधून सापडलं नाही, सापडला तो केक. 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याने आता मी जिथे राहते तिथेच तक्रार दाखल करता येते. म्हणजे मला तुमच्या मुख्य कार्यालयाचे उंबरे झिजवायला नकोत. साताऱ्याचा जिल्हा ग्राहक आयोग आहे, आणि पाच लाखांपर्यंतच्या दाव्याला तिथे फी पडत नाही. दोन्ही पावत्या, माहितीपत्रक आणि थंड भट्टीचे फोटो जोडले आहेत. ड्रायव्हरच्या मोबाइलकडे माना वाकवून पाहणाऱ्या आमच्या कुटुंबाचा फोटो आजींच्या सुनेने काढला होता, तोही जोडला आहे. आयोगाला तो आवडेल.

खरं सांगायचं तर वाईट याचं वाटतं की आमच्या ओळखीत तुमचं नाव घेऊन लोकांना पाठवणारी मीच होते. ह्यांच्या थोरल्या बहिणीला तुमच्याबरोबर केरळ मीच सुचवलं होतं. आता कराडचे आमचे व्याही याच फार्मबद्दल विचारत आहेत. त्यांना सांगितलं आहे की जरूर जा, माझ्या मुलाकडून तिथे थेट फोन करून जा, आणि शनिवारी जा.

उत्तर लेखी पाठवा. फोन करू नका.

बुकिंग ज्यांच्या नावावर आहे ती ग्राहक,
सातारा

ता. क. – आज माझ्याशी बोललेल्या मुलावर कारवाई करून प्रकरण मिटवू नका. तो उद्धट बोलला हे खरं, पण त्याच्यासमोरच्या पडद्यावर ‘सेवा पूर्ण’ कोणी लिहिलं, ते आधी शोधा.