आधी भाषा विचारावी

महोदय,

'ज्ञ'चा शुद्ध उच्चार 'द्न्य' की 'ग्य' हा वाद अधूनमधून उफाळतो आणि दोन्ही बाजू एकमेकींना अशुद्ध ठरवून मोकळ्या होतात. वास्तविक हे जोडाक्षर ज् आणि ञ यांचे आहे. तो मूळ उच्चार आज मराठीत राहिलेला नाही, हिंदीत नाही आणि गुजरातीतल्या 'ग्न'मध्येही नाही. प्रत्येक भाषेने तो आपल्या वळणाने बदलून घेतला, म्हणून मराठी बोलताना 'द्न्यान' आणि हिंदी बोलताना 'ग्यान' म्हणणे, हेच बरोबर आहे. लिंगाचेही तसेच. 'आत्मा' मराठीत पुल्लिंगी, हिंदीत स्त्रीलिंगी. जर्मन भाषेत सूर्य स्त्रीलिंगी आणि चंद्र पुल्लिंगी, तर फ्रेंचमध्ये नेमके उलट.

मला खरी खंत वाटते ती आपल्याच भाषेविषयी. मी अमराठी प्रौढांना मराठी शिकवते. एका विद्यार्थिनीने विचारले, "'माझा' म्हणताना तुमची जीभ दातांमागे टेकते, 'माझी' म्हणताना ती मागे टाळूकडे जाते, अक्षर एकच असताना असे का?" जन्मभर मराठी बोलूनही माझ्या हे कधी लक्षात आले नव्हते आणि हाताशी असलेल्या पाठ्यपुस्तकात त्याचा उल्लेखही नव्हता. च, ज आणि झ यांचे मराठीत दोन-दोन उच्चार आहेत. पुढे इ, ई, ए किंवा य आला की उच्चार तालव्य, म्हणजे 'माझी'तल्यासारखा जीभ टाळूकडे नेणारा, होतो, संस्कृतातून जसेच्या तसे आलेल्या शब्दांत तो तालव्यच राहतो आणि एरवी अस्सल मराठी शब्दांत साधारणपणे दंततालव्य, म्हणजे 'माझा'तल्यासारखा जीभ दातांमागे टेकवणारा, असतो. 'चार'सारखे अपवाद मात्र पाठच करावे लागतात. 'जरा थांबा' यातला 'जरा' आणि म्हातारपण या अर्थाचा 'जरा' लिहायला सारखे, उच्चाराला वेगळे. हा भेद लिपी दाखवत नाही, त्यामुळे शिकणाऱ्याला तो कोणीतरी सांगावाच लागतो, आणि "सवयीने येईल" हे त्याचे उत्तर नव्हे.

शब्दकोश आणि पाठ्यपुस्तके तयार करणाऱ्यांनी दंततालव्य उच्चाराच्या अक्षराखाली एक टिंब द्यावे आणि पुस्तकाच्या सुरुवातीला त्याचा खुलासा करावा, एवढीच विनंती आहे. आपल्या पुरवणीतील भाषाविषयक सदरातही अशा प्रश्नांना नियम सांगून उत्तरे मिळावीत आणि प्रत्येक उत्तर कोणत्या भाषेपुरते आहे, हे तिथे स्पष्ट लिहिलेले असावे.

आपली,
एक मराठी शिक्षिका