प्राचार्याची खुर्ची आणि विल्यम डाइस

चि. ओवी,
अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज मिळाला. कला महाविद्यालयाच्या प्राचार्यपदासाठी तुला विचारलंय हे वाचून आई पेढे आणायला निघाली होती, तेवढ्यात तिने पुढची ओळ वाचली: ‘एकदा त्या खुर्चीत बसले की चित्र सुटलंच समजा.’ मग पेढेही राहिले. फोनवर या विषयाला हात घातला की आपण दोघं एकमेकांचं वाक्य पुरं होऊ देत नाही, म्हणून लिहितोय.

तुला विल्यम डाइस हा चित्रकार आठवतो का? कलेच्या इतिहासाच्या पेपरात त्याच्यावर कधी प्रश्न आला नसेल. प्री-राफेलाइट, म्हणजे राफेलच्या आधीच्या चित्रकलेकडे वळलेल्या इंग्रज चित्रकारांच्या धड्यात कोपऱ्यात कुठेतरी त्याचं नाव येतं, तेवढंच. स्कॉटलंडमधल्या ॲबर्डीनचा, 1806 चा जन्म. वडील डॉक्टर. मुलानेही वैद्यकी करावी, नाहीतर धर्मोपदेशक व्हावं, ही घरची अपेक्षा. मुलगा हुशार, सोळाव्या वर्षी मार्शल कॉलेजातून एम.ए. झाला आणि चोरून चित्रं काढत राहिला. त्यातलंच एक घेऊन तो लंडनला थेट सर टॉमस लॉरेन्सकडे गेला. लॉरेन्स तेव्हा रॉयल अकॅडमीचा अध्यक्ष. त्याने चित्र पाहून पाठ थोपटली आणि घरच्यांचा विरोध मावळला.

पुढे रोमच्या दोन वाऱ्या झाल्या. तिथे ओव्हरबेक हा चित्रकार आणि त्याच्या जर्मन मित्रमंडळींशी ओळख झाली. राफेलच्या आधीच्या चित्रकारांसारखी स्वच्छ रेषा, शांत रंग, धार्मिक विषय, हे त्यांचं वेड. डाइसला ते जन्मभर पुरलं. परत आल्यावर मात्र ॲबर्डीनमध्ये त्याच्या मॅडोनांना, म्हणजे येशूच्या आईच्या चित्रांना, गिऱ्हाईक मिळेना. तेव्हा पठ्ठ्याने ब्रश बाजूला ठेवला आणि विज्ञान हातात घेतलं. वीज आणि चुंबकत्वावर निबंध लिहून बक्षीससुद्धा मिळवलं. मग एडिंबरात पोटासाठी व्यक्तिचित्रं, त्यातही लहान मुलांची जास्त.

आता तुझ्या कामाचा भाग. फ्रेंच कापड आणि भांडी देखणी असतात, त्यांच्यापुढे आपला माल पडतो, या काळजीने ब्रिटिश सरकारने 1837 मध्ये लंडनला सॉमरसेट हाउसमध्ये ‘स्कूल ऑफ डिझाइन’ काढलं. त्याच साली डाइसने एका मित्राबरोबर एडिंबरातल्या कलाशिक्षणावर एक पत्रक छापलं होतं. ते वाचून त्याला लंडनहून बोलावणं आलं. सरकारने त्याला फ्रान्स, प्रशिया, बव्हेरियातल्या शाळा पाहायला पाठवलं आणि 1838 मध्ये शाळा त्याच्या हाती दिली. तिशी नुकती ओलांडलेला माणूस आणि समोर कोरी पाटी. शिकवायचं काय, तेच ठरलेलं नव्हतं. हेडनसारखे चित्रकार म्हणत होते की मानवाकृती शिकवल्याशिवाय कसलं डिझाइन? डाइसचं म्हणणं, विणकराच्या आणि कुंभाराच्या पोराला आधी अलंकरणाचं व्याकरण द्या. तू आणि मी या वादात कुठे उभे राहतो ते सांगायला नकोच. आपल्या घरी जेवताना तो रोज झालाय.

त्याने शाळेसाठी ड्रॉइंग बुक केलं, 1842-43 मध्ये. भौमितिक रेषेपासून सुरुवात, मग वक्ररेषा, मग पानाफुलांचं रूप सोपं करून नक्षीत बसवणं. ओळखीचं वाटतं ना? याच शाळेचा कारभार पुढे हेन्री कोलकडे गेला, रिचर्ड रेडग्रेव्हने अभ्यासाच्या पायऱ्या पाडल्या आणि तिला साउथ केन्सिंग्टनची पद्धत म्हणू लागले. तिथेच शिकलेला जॉन ग्रिफिथ्स 1865 मध्ये मुंबईला जे.जे.त शिकवायला आला. आपल्या मुलांना घेऊन अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला उतरवून घेणारा तोच. मी एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या पोरांकडून इतकी वर्षं संकल्पचित्र आणि भूमिती घटवून घेतली, त्या वंशवेलीच्या मुळाशी हा ॲबर्डीनचा डॉक्टरपुत्र बसलाय. त्याला त्याची कल्पना असण्याचं कारण नाही.

पाच वर्षांत त्याने शाळा सोडली. वर एक कौन्सिल होतं, त्यांच्याशी पटेना. जबाबदारी ह्याची आणि शेवटचा शब्द त्यांचा, असा सगळा मामला. 1843 मध्ये तो बाहेर पडला. काही वर्षांनी पुन्हा बोलावून अलंकरणाचा वर्ग दिला, तिथेही फार टिकला नाही. आता तू म्हणशील, बघा, म्हणजे माझंच खरं.

थांब जरा. खुर्ची सुटल्यावर त्याने काय केलं ते बघ. ब्रिटिश संसदेच्या हाउस ऑफ लॉर्ड्समधलं पहिलं फ्रेस्को, म्हणजे ओल्या गिलाव्यावरचं भित्तिचित्र, त्याचं, 1846 चं. ते इतकं आवडलं की 1848 मध्ये राणी संसदेत येताना जिथे राजवस्त्रं चढवायची त्या रोबिंग रूमच्या भिंती त्याला दिल्या. दंतकथेतल्या राजा आर्थरच्या कथा, एकेका चित्रात एकेक सद्गुण: औदार्य, दया, आतिथ्य. यापेक्षा मोठा मान त्या काळच्या चित्रकाराला कुठला?

पण खरं फ्रेस्को म्हणजे काय ते तुला ठाऊक आहे. अजिंठ्यासारखं वाळलेल्या गिलाव्यावरचं काम नव्हे. त्या दिवशी जेवढं रंगवून होईल तेवढाच ओला चुना लावायचा, तो वाळण्याआधी रंग आत जिरला पाहिजे, आणि चुकलं तर तेवढा तुकडा तासून पुन्हा लावायचा. हे सगळं थेम्सच्या काठी, दमट हवेत, कोळशाच्या धुरात. उन्हाळ्याचे महिने तेवढे कामाचे. त्यात शूर सरदार आणि त्यांची चिलखतं! कामं रखडली, लोक कुरकुरायला लागले, तब्येत बिघडली. 14 फेब्रुवारी 1864 ला तो गेला तेव्हा ठरलेल्या सातपैकी दोन विषयांना हातही लागला नव्हता आणि ‘आतिथ्य’ दुसऱ्या चित्रकाराला पुरं करावं लागलं. वय 57. शाळेने त्याची पाच वर्षं घेतली, ह्या भिंतींनी सोळा. मला तरी हा हिशेब खुर्चीच्या बाजूने दिसतो.

आणि आज लोक त्याला कशासाठी ओळखतात? एका सुट्टीसाठी. केंटच्या किनाऱ्यावर रॅम्सगेटजवळ पेगवेल बे म्हणून जागा आहे. तिथलं ‘5 ऑक्टोबर 1858 ची आठवण’ म्हणून त्याने केलेलं तैलचित्र आता लंडनच्या टेट संग्रहालयात आहे. दादाकडे गेलो होतो तेव्हा पाहिलं. आपल्या दिवाणखान्यातल्या खिडकीपेक्षाही लहान. पुढे त्याची बायको, तिच्या दोन बहिणी आणि त्याचा एक मुलगा. बायका शाली लपेटून शिंपले वेचतायत, पोराच्या हातात फावडं. ओहोटी लागलेली. मागे खडूचा कडा, त्यातला गारगोटीचा एकेक थर मोजून घ्यावा इतका स्पष्ट. आणि वर फिकट आकाशात, शोधल्याशिवाय दिसत नाही असा, डोनातीचा धूमकेतू. उजवीकडे लांबवर एक छोटा माणूस सामान घेऊन उभा आहे, तो डाइस स्वतः असं मानतात. रंग सगळे थंडीत काकडल्यासारखे. घरातलं कोणी कोणाकडे बघत नाही. सरदारांची चिलखतं रंगवणाऱ्या माणसाने हे कुठून काढलं, असं वाटून मी तिथल्या बाकावर बसून राहिलो. दादा दोनदा बोलवायला आला.

हे चित्र 1860 मध्ये रॉयल अकॅडमीत लागलं, म्हणजे रोबिंग रूमचं ओझं डोक्यावर असतानाच त्याने ते केलं.

त्याची आणखी एक गोष्ट मला फार आवडते. 1850 मध्ये मिले या प्री-राफेलाइट चित्रकाराचं ख्रिस्ताच्या बालपणाचं, सुताराच्या दुकानातलं चित्र अकॅडमीत लागलं आणि सगळे त्याच्यावर तुटून पडले. कलासमीक्षक रस्किन नाक मुरडून पुढे निघाला होता. डाइसने त्याला अक्षरशः ओढत त्या चित्रापुढे नेऊन उभं केलं आणि बघायला लावलं. हे रस्किननेच पुढे लिहून ठेवलंय. शिकवणं म्हणजे मला तरी याहून वेगळं काही कधी वाटलं नाही, आणि तुझ्यात ते आहे. दुसऱ्याच्या पोराच्या चित्रापुढे माणसं ओढून न्यायची तुला लहानपणापासून खोड आहे. मेजवानीतल्या पाहुण्यांनासुद्धा तू सोडलं नाहीस.

तेव्हा माझं म्हणणं, पद नाकारू नकोस, पण आधी अटी नीट ठरव. प्रवेश, शिक्षकांच्या नेमणुका, अभ्यासक्रम, यात शेवटचा शब्द कुणाचा, ते लेखी घे. संस्थाचालकांचा असेल तर मात्र साफ नाही म्हण, डाइसची पाच वर्षं तुला नकोत. आठवड्यात स्टुडिओचे दिवस कुठले, तेही त्याच कागदावर येऊ दे. आणि तो विमानतळाच्या भिंतीचा म्युरल, ज्याचं नाव काढलं की तुझे डोळे चमकतात, त्याची मला खुर्चीपेक्षा जास्त भीती वाटते. कितीही मानाचा असला तरी त्याचा करार मला दाखवल्याशिवाय सही करू नकोस.

दिवाळीला येशील तेव्हा बोलूच. संस्थेला त्याआधी उत्तर द्यायचं असेल तर मसुदा पाठव, भाषा मी बघतो. आईने कुळथाचं पीठ आणि मेतकूट बांधून ठेवलंय. मागचे डबे येताना आण, तिला ते हवे आहेत.

तुझा,
बाबा