डॉक्टर युदिमचं मला पटलेलं नाही

चि. मुक्तास,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, "सरकारी दवाखान्यातल्या सक्तीच्या सेवेचं, बाँडचं वर्ष संपलं तरी इथंच राहावंसं वाटतंय, पण मग केदारचं काय?" तेव्हा मला काही सुचलं नाही, म्हणून लिहितेय. आणि मध्ये एका पोलिश लेखकाला आणि त्याच्या कादंबरीतल्या डॉक्टर युदिमला घेतेय. हसू नकोस. कोल्हापूरजवळच्या आपल्या वळिवड्याला १९४३ ते ४८ पोलिश निर्वासितांची छावणी होती. आजीकडून तिच्या गोष्टी ऐकल्यापासून त्या देशाचं काही दिसलं की मी वाचायला घेते.

स्तेफान झेरोम्स्की. जन्म १८६४चा. तेव्हा पोलंड नकाशावर नव्हतंच, त्याचा भाग रशियाकडे. शाळेत पोलिश पोरांना रशियनमधून शिकवत. विशीच्या आत आई-वडील दोघंही गेले. शाळा सोडल्याचा शेवटचा दाखलाही मिळाला नाही, म्हणून वॉर्सात जनावरांच्या डॉक्टरकीला गेला. तेही पैशाअभावी सुटलं. मग जमीनदारांच्या घरी राहून त्यांच्या मुलांच्या शिकवण्या. मालकाच्या पंगतीला बसायचं आणि खिडकीतून शेतमजुरांची खोपटं बघायची, असं ते जिणं. त्याच्या लिखाणातली धग तिथली असावी.

त्याची 'सिवाच्का' नावाची कथा आहे. सिवाच्का म्हणजे ताकदवान बाई. खेड्यातली शिक्षिका टायफसनं मरते, आणि तिला बघायला आलेला डॉक्टर तिचा कॉलेजातला जुना ओळखीचा. एकेकाळी ध्येयवादी, आता तालुक्याच्या गावात पत्ते कुटणारा. ती गेल्यावर तो हादरतो. आणि थोड्या दिवसांनी परत पत्ते! ही शेवटची टोचणी मला फार आवडते. दुसऱ्या कुणी त्याला सुधारून सोडला असता.

पण तुझ्यासाठी आहे तो १९००च्या सुमारास आलेल्या 'बेघर माणसं' कादंबरीतला डॉक्टर युदिम. चांभाराचा पोरगा, पॅरिसला शिकून आलेला. वॉर्सातल्या डॉक्टरांपुढे गरिबांच्या घरांतल्या घाणीवर निबंध वाचतो, ते नाराज होतात, दवाखाना चालत नाही. मग एका आरोग्यस्थानात नोकरी. तिथल्या तळ्यांमुळे मजुरांना हिवताप होतो म्हणून वरच्यांशी भांडतो, नोकरी जाते. शेवटी खाणींच्या मुलखात जातो आणि योआस्याला, जिच्यावर त्याचं प्रेम असतं तिला, नकार देतो. का, तर स्वतःचं घर झालं की मी माझ्या माणसांना विसरेन.

इथं माझं भांडण आहे. योआस्या सोबत काम करायला तयार होती गं! तिला विचारलं कुणी? स्वतः झेरोम्स्कीनं नावेंचूफ गावात एका कादंबरीच्या मानधनातून घर बांधलंच की. त्याच गावात मुलांसाठी बालवाडीही काढली. (त्याचा मुलगा अदाम १९१८मध्ये क्षयानं गेला, विशीच्या आत. ते वाचून मी पुस्तक मिटून ठेवलं.) पुढे पहिली बायको सोडून त्यानं दुसरं घर मांडलं, तेही खरं. म्हणजे युदिमचं व्रत लिहिणाऱ्यालाही पेललं नाही.

तेव्हा केदारच्या वतीनं तू ठरवू नकोस. त्याला एकदा तिकडे बोलाव. बुधवारच्या ओपीडीला बसव, रात्री लाइट गेल्यावरची डिलिव्हरी दाखव. काय म्हणतो ते मला कळव.

बाबांनी टॉर्च घेतलाय, गुरुवारच्या एसटीनं पाठवते.

तुझी,
आई